हसू यावं, कीव नको: स्वतःच्या फजितीवर कॉमेडी उभी करताना

पोरगा माइकसमोर उभा आहे. स्वतःच्या दिसण्याबद्दल, तुटक्या इंग्रजीबद्दल, मोडलेल्या स्थळाबद्दल सांगतोय. हशा यायच्या जागी समोरून 'च्च' असा आवाज येतो. मराठवाड्यात हा आवाज फार लवकर येतो, कारण समोरचा खरंच दुखावलाय असं वाटलं की आपल्याकडची माणसं हसायची थांबतात. स्वतःची थट्टा करणाऱ्या कॉमेडियनची सगळी मेहनत हा एक आवाज टाळण्यासाठी असते. लोकांनी तुमच्या फजितीवर हसावं, तुमच्यासाठी हळहळू नये. दोन्हींत अंतर थोडं आहे, पण ते शिकता येतं.

संभाजीनगर, लातूर, नांदेड, परभणीत कुठल्याही चॅनलचा आधार नसताना स्वतःच्या हिमतीवर स्टँडअप करू पाहणाऱ्या मुलामुलींसाठी हे लिहितोय. विशेषतः ज्यांना तडाखेबंद बोलणं जमत नाही, जे मुळातच अवघडलेले, चाचरणारे, ओशाळे आहेत त्यांच्यासाठी. तुमचा हा स्वभाव स्टेजवर फार मोठं भांडवल आहे. ते कसं वापरायचं ते बघू.

आधी फजिती निवडा

एक वही करा. लाज वाटली असे प्रसंग तिच्यात लिहीत चला. प्रसंगच लिहा, दोष लिहू नका. 'मला इंग्रजी येत नाही' हा दोष झाला, त्यावर कोणी हसणार नाही. 'पुण्याच्या मुलाखतीत टेल मी अबाउट युवरसेल्फ म्हटल्यावर मी नाव, गाव, पोस्ट, तालुका, जिल्हा आणि पिनकोड सांगितला' हा प्रसंग झाला. त्यात माणूस दिसतो, खुर्ची दिसते, समोरच्याचा चेहरा दिसतो.

वहीत वीस-पंचवीस प्रसंग जमले की चाळणी लावा. पहिली चाळणी जखमेची. तो प्रसंग टपरीवर एखाद्या मित्राला सांगून बघा. सांगताना गळा दाटला किंवा राग आला तर तो प्रसंग अजून ओला आहे. बाजूला ठेवा, दोन वर्षांनी पुन्हा काढा. पीटर मॅकग्रॉ आणि केलेब वॉरेन या अमेरिकी संशोधकांनी २०१० साली हसण्याबद्दल एक मांडणी केली. काहीतरी बिघडलंय आणि तरीही त्यात धोका नाही, या दोन गोष्टी एकाच वेळी जाणवल्या की माणूस हसतो. तुमची जखम ओली असेल तर 'धोका नाही' हा अर्धा भाग प्रेक्षकाला मिळतच नाही आणि मग 'च्च' येतं.

दुसरी चाळणी माझ्या मते सगळ्यांत महत्त्वाची आहे. फजितीच्या आधी थोडी ऐट होती का? नुसतं सोसणाऱ्या माणसाची कीव येते. ऐटीत निघालेला माणूस पडला की हसू येतं. एमपीएससी नापास झालो, यात विनोद नाही. निकालाच्या आदल्या रात्री सहीपुढे 'तहसीलदार' लिहून बघत होतो, यात आहे. ही चाल आपल्या मातीतलीच आहे. 'जगात जर्मनी, भारतात परभणी' म्हणणाऱ्या परभणीकराला दोन्ही बाजू पक्क्या ठाऊक असतात. तो छाती काढूनच म्हणतो आणि त्याच दमात हसतोही. स्वतःवरचा विनोद लिहिताना हे वाक्य कानात ठेवा. छाती काढल्याशिवाय पडण्याला मजा नाही.

तिसरी चाळणी दुसऱ्यांची. तुमची गोष्ट सांगताना बहीण, बायको, जुनी मैत्रीण उघडी पडत असेल तर आधी तिला विचारा. ती नाही म्हणाली तर विषय संपला. लहान शहरात नाव न घेता सांगितलं तरी कोण ते लोकांना कळतंच.

आणि काही गोष्टी या वहीत आणूच नका, निदान सुरुवातीची काही वर्षं तरी. कर्ज, शेतकऱ्याची आत्महत्या, जातीवरून झालेला अपमान. बीड, धाराशिव, लातूरच्या कुठल्याही सभागृहात ज्याच्या घरात हे घडलंय असा माणूस बसलेला असू शकतो. या विषयांवर विनोद होऊच शकत नाही असं मी म्हणत नाही. पण त्यासाठी हात फार बसलेला लागतो.

एक विनोद, शेवटपर्यंत

आता एकच विनोद घेऊ आणि तो कसा बांधायचा ते बघू. विषय स्थळाचा. पहिला कच्चा खर्डा बहुतेकांचा असा असतो: 'माझं लग्न जमत नाही, कारण दिसायला मी असा, शेती कोरडवाहू आणि कॉमेडीत पैसा नाही.' तिन्ही गोष्टी खऱ्या आहेत, पण ही तक्रार झाली. प्रसंग नाही, ऐट नाही, दुसरं माणूस नाही.

तोच मजकूर असा करून बघा:

मामा मला घेऊन स्थळ बघायला गेले. मुलीचे वडील म्हणाले, 'शेती किती?' मामा म्हणाले, 'चार एकर.' 'बागायत?' 'पाऊस पडला तर.' मग ते म्हणाले, 'पोरगा काय करतो?' मामा म्हणाले, 'माइकवर बोलतो.' ते म्हणाले, 'कोणत्या पक्षाकडून?' मामा म्हणाले, 'अजून ठरलं नाही.' ते एकदम खूश. म्हणाले, 'म्हणजे हुशार आहे.' शेवटी मीच म्हणालो, 'काका, मी लोकांना हसवायलो.' त्यांनी मला खालून वर बघितलं. म्हणाले, 'एवढ्यावर भागतं का?'

यात काय केलंय ते नीट बघा. पहिलं म्हणजे 'म्हणाले' प्रत्येक वेळी बोलण्याच्या आधी आलंय. बोलताना आपल्याला 'कोणत्या पक्षाकडून, असं ते म्हणाले' असं म्हणायची सवय असते. त्यात हशा फुटायच्या जागेनंतर तीन शब्द उरतात आणि लोक ते ऐकायला थांबतात. मराठीत क्रियापद शेवटी येतं, त्यामुळे हा धोका कायमचा आहे. लिहिलेल्या प्रत्येक विनोदाचं शेवटचं वाक्य तपासा. ज्या शब्दावर हसू यायचंय त्याच्यानंतर काही उरलं असेल तर ते त्याच्या आधी आणा किंवा कापा.

दुसरं, मुलगा जवळजवळ शेवटपर्यंत गप्प आहे. स्थळ बघायला गेल्यावर आपल्याकडे पोरगा बोलत नाही, मामा नाहीतर काका बोलतो. हे खरं आहे म्हणून ते अवघडलेपण फुकटात मिळतं. गप्प बसलेल्या माणसाबद्दल दोन वडीलधारी त्याच्यासमोरच बोलतायत, यातच निम्मा विनोद आहे.

तिसरं म्हणजे मार कोणाला बसतो त्याचा क्रम. आधी पावसाला, मग राजकारणाला, मग मामाच्या हजरजबाबीपणाला आणि सगळ्यांत शेवटी मला. माझ्यावर वार होईपर्यंत लोक तीनदा हसलेले असतात, त्यामुळे तो वार त्यांना टोचत नाही. पहिल्याच वाक्यात स्वतःला झोडपलं तर लोक सावरायला धावतात.

'एवढ्यावर' या शब्दात रूपही आलं आणि कमाईही. ते समजावून सांगू नका. वाक्य टाका, स्वतःच्या शर्टाकडे खाली बघा, एखादं बटण नीट करा आणि गप्प राहा. हशा वर जाऊन खाली उतरायला लागेपर्यंत तोंड उघडू नका.

संभाजीनगरात 'पाऊस पडला तर' वर ओळखीचं हसू लगेच येईल. पुण्यात तिथे क्षणभर जास्त थांबावं लागतं. थांबा. वाक्य बदलू नका.

अवघडलेपण घडवावं लागतं

खूप जणांना वाटतं, आपण मुळातच ओशाळे आहोत, तेव्हा तयारी कशाला? इथेच घात होतो. १९६६ साली मिनेसोटा विद्यापीठात इलियट ॲरनसन यांनी एक प्रयोग केला. लोकांना प्रश्नमंजूषेतल्या स्पर्धकाची टेप ऐकवली. एका टेपमधल्या स्पर्धकाची ९२ टक्के उत्तरं बरोबर, दुसऱ्यातल्याची ३० टक्के. काही टेपांच्या शेवटी त्याच्याकडून अंगावर कॉफी सांडल्याचा आवाज होता. कॉफी सांडल्यावर हुशार स्पर्धक लोकांना जास्त आवडला आणि बेताचा स्पर्धक होता त्याहून नावडता झाला.

आपल्या कामात याचा अर्थ असा की तुम्ही पडण्याआधी तुम्हाला चालता येतं हे लोकांना दिसलं पाहिजे. पहिल्या अर्ध्या मिनिटात तुमचा सगळ्यांत खात्रीचा, सगळ्यांत घोटलेला विनोद ठेवा. तो फुटला की प्रेक्षक सैलावतो, हा माणूस आपल्याला नीट नेईल असा भरवसा बसतो. त्यानंतर तुम्ही चाचरा, वाक्य अर्धं सोडा, पाण्याची बाटली उघडताना झगडा, सगळं चालतं.

चाचरण्याची जागा संहितेत लिहून ठेवा. 'इथे दोन श्वास गप्प', 'इथे म्हणजे म्हणजे म्हणजे', 'इथे खाली बघणं'. शांतता धरणं हे या शैलीतलं सगळ्यांत अवघड काम. आपल्याला वाटतं चार सेकंद झाले, प्रत्यक्षात दीड झालेला असतो. घड्याळ लावून सराव करा. आणि शांततेत स्वतः हसू नका. ओशाळा माणूस स्वतःच्या फजितीवर फिस्सकन हसला की फजिती खोटी वाटायला लागते.

अंग अवघडलेलं, पण आवाज स्वच्छ. माइक तोंडापासून दोन-तीन बोटांवर धरा, वाक्याच्या शेवटी आवाज पडू देऊ नका. पुटपुटणं हे पात्राचं असावं, शब्द शेवटच्या रांगेपर्यंत पोचलेच पाहिजेत. मंडपात, पंख्यांच्या घरघरीत आणि कर्ण्यांच्या घुमण्यात ही बारीक शैली मरते. गणेशोत्सवाचं किंवा जयंतीचं स्टेज मिळालं तर शांततेवर उभे विनोद सोडा, पात्रांचे संवाद असलेले विनोद घ्या. वर मामाचा आहे तसे.

पात्रं उभी करणं ही तर आपली जुनी विद्या. पैठणच्या एकनाथांनी भारुडात कधी जोशी, कधी वासुदेव, कधी सासरी गांजलेली बाई होऊन लोकांसमोर बोलून दाखवलं. विंचवाच्या भारुडात विंचू चावतो तो बोलणाऱ्यालाच. दोष जगाचा सांगायचा, पण डंख स्वतःला लावून घ्यायचा, ही युक्ती त्यात आहे. संधी मिळेल तेव्हा भारुड प्रत्यक्ष बघा, सांगणारा कुठे थांबतो ते बघा. आणि संभाजीनगरच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारे लक्ष्मण देशपांडे एकट्याने, वेश न बदलता, ५२ पात्रं रंगमंचावर उभी करायचे. एका आवाजातून दुसऱ्या आवाजात जाताना मान किती वळवायची, नजर कुठल्या उंचीवर न्यायची, हे त्यांच्या ध्वनिचित्रफिती बघून शिकता येतं. स्थळाच्या विनोदात मामा उजवीकडे बघतात, मुलीचे वडील डावीकडे, आणि मी खाली. एवढं ठरवलं तरी 'म्हणाले' निम्मे कमी होतात.

पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकासमोर

बोली सोडू नका आणि बोली विकूही नका. 'मी करायलो', 'कामून', 'लई' हे शब्द पहिल्या वाक्यापासून सहज येऊ द्या, माफी न मागता. पहिल्यांदा 'करायलो' वर हसू येईल. ते फुकटचं हसू आहे, त्याच्या भरवशावर राहू नका. तिसऱ्यांदा ते येत नाही आणि तेव्हा हातात खरा विनोद लागतो.

त्याहून नाजूक गोष्ट दुष्काळाची. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी आलं. पहिल्या गाडीला दहा टँकर होते. यावर शहरात विनोद करावासा वाटतो आणि लोक हसतातही, पण ते कशावर हसले ते घरी जाऊन स्वतःला विचारा. आपल्या माणसांच्या तहानेवर हसले असतील तर तो विनोद टाकून द्या. विनोद तुमच्या स्वतःच्या वागण्यावर असेल तर ठेवा. उदाहरणार्थ, टँकर आला की घरी सगळ्यांत आधी घागर घेऊन पळणारा मी, पण हॉस्टेलवर 'आमच्याकडे पाण्याचं काही नाही' म्हणून ऐट मारणाराही मीच. इथे हसू माझ्या खोट्या ऐटीवर येतं, तहानेवर नाही.

ऑस्ट्रेलियाच्या कॉमेडियन हॅना गॅड्सबी यांचा २०१८ साली नेटफ्लिक्सवर आलेला कार्यक्रम फार गाजला. आधीच कडेला ढकललेल्या माणसाने बोलायची परवानगी मिळावी म्हणून स्वतःला कमी लेखलं तर तो नम्रपणा नसतो, ते स्वतःला अपमानित करणं असतं, असा त्यांचा मुद्दा होता. मराठवाड्याच्या, त्यातही दलित, मुस्लिम, ग्रामीण घरांतल्या मुलामुलींनी तो गांभीर्याने घ्यावा असं मला मनापासून वाटतं. 'मी' वर विनोद करा. 'आम्ही असलेच' हे वाक्य दिसलं की खोडा.

स्टेज स्वतः उभारायचं असेल तर

मोठ्या शहरांसारखे रोजचे ओपन माइक इथे नाहीत, त्यामुळे बऱ्याचदा कार्यक्रम आपणच ठेवावा लागतो. वाचनालयाचं सभागृह, कॉलेजचा हॉल, एखाद्या मित्राचा कोचिंग क्लास रविवारी संध्याकाळी रिकामा असतो तो. चाळीस खुर्च्या पुरेत. खुर्च्या दाटीने लावा, मधे वाट ठेवू नका, मागच्या रिकाम्या खुर्च्या उचलून ठेवा. हशा शेजाऱ्याकडून शेजाऱ्याकडे जातो, मधे रिकामी खुर्ची आली की थांबतो.

पुढचा सोफा काढा. आपल्याकडे कुठल्याही कार्यक्रमाला पहिल्या रांगेत प्रमुख पाहुण्यांचा सोफा असतो आणि त्यावर बसलेला माणूस हसत नाही, कारण सगळा हॉल त्याच्याकडे बघत असतो. तो हसत नाही म्हणून मागचेही दबतात. पाहुण्यांना मानाने तिसऱ्या रांगेत कडेला बसवा. शाल, श्रीफळ, हार, दोन शब्द, हे सगळं कार्यक्रम संपल्यावर ठेवा. आधी ठेवलं तर तुम्ही माइकपाशी येईपर्यंत प्रेक्षक दमलेला असतो. आयोजक दुसरं कोणी असेल तर हे फोनवरच ठरवून घ्या, ऐन वेळी कोणी ऐकत नाही.

प्रेक्षकांवरचे दिवे मंद करा. उजेडात माणूस शेजारचा हसतोय का ते बघून हसतो. उघड्यावर कार्यक्रम असेल तर रात्री १० नंतर लाउडस्पीकर चालत नाही, म्हणून साडेनऊला संपेल असाच बेत ठेवा आणि पोलिसांची परवानगी आधी काढा.

रेकॉर्डिंग ऐका

फोन खिशात ठेवू नका, प्रेक्षकांत एखाद्या खुर्चीवर रेकॉर्डिंग लावून ठेवा. तुमच्या आवाजापेक्षा त्यांचा आवाज ऐकायचाय. दुसऱ्या दिवशी संहिता समोर घेऊन ऐका आणि ओळीओळीपुढे खूण करा: हशा, हुंकार, शांतता, 'च्च'.

शांतता आली तिथे बहुतेक वेळा रचना चुकलेली असते. शब्द कापा, 'म्हणाले' आधी आणा. 'च्च' आलं तिथे रचनेला हात लावून उपयोग नाही. तिथे एकतर ऐट कमी पडलीय किंवा जखम ओली आहे. आधी त्या ओळीच्या अगोदर फुशारकीचं एक वाक्य घालून बघा: 'मला वाटलं होतं, गावात माझ्याइतकं इंग्रजी कोणाला येत नाही.' पुढच्या कार्यक्रमातही 'च्च' आलंच तर ती ओळ वहीत परत.

आई-वडील कार्यक्रमाला येणार असतील तर संहिता त्यांना आधी वाचून दाखवा. पोराला सगळ्यांसमोर स्वतःला नावं ठेवताना ऐकून आईचा जीव तुटतो आणि ते तिच्या चेहऱ्यावर दिसतं. आधी ऐकलेलं असलं की तीच शेजारणीला कोपराने ढोसून सांगते, 'आता बघ.'

रील टाकण्याआधी

सभागृहात त्या विनोदाआधी लोकांशी तुमची पाच मिनिटांची ओळख झालेली असते. रीलमध्ये ती नसते. तिथे तुम्ही अनोळखी माणसासमोर थेट स्वतःला नावं ठेवत उभे राहता आणि खाली 'बिचारा' नाहीतर 'बरोबर बोलला, आहेसच तसा' असं लिहून येतं. म्हणून रीलसाठी ऐट आणि फजिती दोन्ही पूर्ण आलेला तुकडाच निवडा. आणि एक साधा प्रश्न विचारा: या विनोदातलं नाव घेऊन एसटी स्टँडवर कोणी दहा वर्षं हाक मारली तर चालेल का? चालणार नसेल तर तो विनोद सभागृहातच राहू द्या.

स्वतःकडे लक्ष

कॅनडातले मानसशास्त्रज्ञ रॉड मार्टिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००३ साली विनोदाच्या चार तऱ्हा मांडल्या. त्यांतल्या दोन आपल्या कामाच्या. एकीत माणूस अडचणीकडे हसून बघतो आणि त्याला बळ मिळतं. दुसरीत लोकांनी आपल्याला जवळ करावं म्हणून तो स्वतःला खाली पाडत राहतो, आणि ही तऱ्हा उदासी आणि कमी आत्मविश्वासाबरोबर आढळते. स्टेजवर दोन्ही सारख्या दिसू शकतात. फरक खाली उतरल्यावर कळतो. कार्यक्रम संपल्यावरही मित्रांत, घरात, मेसेजवर तुम्ही स्वतःला नावं ठेवायचं थांबवू शकत नसाल, किंवा चांगला कार्यक्रम होऊनही रात्री जड वाटत असेल, तर काही दिवस हे विषय बंद ठेवा आणि कोणाशी तरी बोला. सरकारची टेलिमानस ही १४४१६ क्रमांकाची हेल्पलाइन मोफत आहे आणि मराठीत बोलता येतं.

विनोद शिळेही होतात, विशेषतः स्वतःवरचे. लग्न जमलं की स्थळाचा विनोद खोटा पडतो, नोकरी लागली की पिनकोडचा. परिस्थिती बदलली की तो तुकडा गाळा, कितीही हशा आणत असला तरी. लग्न झालेल्या माणसाने 'मला कोणी मुलगी देत नाही' म्हटलेलं पहिल्या रांगेतल्या बाईला अंगठी बघून कळतं. त्यापेक्षा वही उघडा, लग्नात घडलेली नवी फजिती लिहा आणि पुढच्या कार्यक्रमाला जुन्याच्या जागी तीच घ्या.